दुष्काळात जितराबं पायी न्यायची तर: बालाघाटातून गोदाकाठी

बीड जिल्ह्यातल्या पाटोदा, शिरूर कासार, केज, धारूर या बालाघाट डोंगररांगेच्या माथ्यावर विहिरींनी तळ गाठला की दोनच वाटा उरतात. जनावर बाजाराला न्यायचं, नाहीतर पाण्याकडं न्यायचं. पाणी म्हणजे गेवराई, माजलगाव, पैठणकडचा गोदाकाठ. छावणी उघडेल तेव्हा उघडेल, तोवर जनावराचं निम्मं अंग गेलेलं असतं. ज्याला ट्रक परवडतो त्यानं ट्रकच करावा. ज्यांना तो परवडत नाही अशा चार-पाच घरांनी मिळून पंचवीस-तीस जितराबं पायी न्यायची असतील, तर त्यांच्यासाठी ही माहिती आहे. पाटोद्याकडून सिंदफणेच्या काठाकाठानं उतरत गेलं, तर आडवाटेनं सात-आठ मुक्काम धरून चालावं. कळपात सगळ्यांत थकलेलं जे जनावर, त्याच्या चालीनंच सगळा कळप चालवायचा, आणि पुढचा सगळा हिशेब तिथूनच मांडायचा.

निघायचं कधी

सगळ्यांत मोठी चूक इथं होते. कडब्याची शेवटची पेंढी संपेपर्यंत माणसं थांबतात, चैत्र उजाडतो, पारा ४० वर जातो आणि मग निघतात. तोवर जनावराच्या अंगात चालायला काही उरलेलं नसतं. केंद्र सरकारचे जनावरांच्या पायी वाहतुकीचे २००१ चे नियम आहेत. त्यातल्या कोष्टकात गायबैलांसाठी तापमानाची वरची हद्द ३० अंश दिली आहे. मराठवाड्यात ती हद्द पाळायची तर माघ-फाल्गुनातच निघावं लागतं, आणि तेही सकाळ-संध्याकाळ चालून. चाऱ्याच्या दृष्टीनंही तेच बरं. तेव्हा साखर कारखाने चालू असतात, गोदाकाठी आणि माजलगावकडं उसाचे वाढे, म्हणजे शेंड्याकडची हिरवी पानं, मिळतात. कारखान्यांचे पट्टे थांबले की वाढेही संपले.

त्याच नियमांत मोठ्या गायबैलाला दिवसाला जास्तीत जास्त ३० किलोमीटर, म्हशीला २५ आणि वासराला १६ किलोमीटर सांगितलेत. सूर्योदयाआधी आणि सूर्यास्तानंतर चालवायला मनाई आहे. हे आकडे धडधाकट, पोटभर खाल्लेल्या जनावराचे आहेत. दुष्काळातल्या जनावराला पहिल्या दिवशी ६ ते ८ किलोमीटर पुरे, दुसऱ्या दिवशी १०, पुढं १२ ते १४, आणि दर चौथा दिवस पूर्ण विसाव्याचा. पहिल्याच दिवशी जोमात वीस किलोमीटर मारले, तर तिसऱ्या दिवशी दोन जनावरं बसतात आणि सगळा कळप त्यांच्यासाठी अडकतो.

कोणतं न्यायचं, कोणतं नाही

लाल कंधारी आटोपशीर बांध्याची, काटक आणि उन्हाला टिकणारी, ती चांगली चालते. देवणी वजनानं भारी, तिला उतारावर सांभाळावं लागतं. होलस्टीन, जर्सीच्या संकरित गाई पायी नेऊच नयेत, दुपारच्या उन्हात त्या धापा टाकत उभ्या राहतात. म्हशीला घाम कमी येतो आणि काळं कातडं ऊन ओढतं. तिला डुंबायला किंवा निदान अंगावर ओतायला पाणी मिळणार असेल तरच न्यावी. सातव्या महिन्यापुढची गाभण, नुकतीच व्यालेली, तीन महिन्यांच्या आतलं वासरू आणि आधीच लंगडणारं जनावर ही सगळी टेम्पोनं पुढं पाठवावीत.

बाकीच्यांची पारख अशी करा. दहा पावलांवर उभं राहून बघितल्यावर चारपेक्षा जास्त बरगड्या मोजता आल्या, तर ते जनावर चालण्याजोगं नाही. मानेवरचं कातडं चिमटीत धरून सोडा. ते दोन सेकंदांत बसलं नाही तर अंगात पाणी कमी आहे. अशा जनावराला चार दिवस पाणी-मीठ देऊन मग ठरवा.

महिनाभर आधीची कामं

लाळ्या-खुरकूत, घटसर्प, फऱ्या आणि लम्पीच्या लसी निघण्याआधी तीन-चार आठवडे झालेल्या हव्यात, म्हणजे अंगात ताकद तयार व्हायला वेळ मिळतो. कोणती लस कधी आणि कोणती कशाबरोबर हे पशुवैद्यकाला ठरवू द्या. त्याच वेळी प्रत्येकाच्या कानात १२ आकडी बिल्ला आहे ना ते बघा आणि सगळे क्रमांक वहीत उतरवून घ्या. बिल्ल्यांची यादी, पशुवैद्यकाचा प्रवासाचा दाखला, पोलीस पाटलाचं पत्र आणि मालकांची ओळखपत्रं एका प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून कळपामागं चालणाऱ्या माणसाकडं द्या. रस्त्यानं कळप चालला की कुणीतरी अडवतंच. कागद दाखवता आले की पाच मिनिटांत वाट मोकळी होते, नाही तर दिवस जातो आणि जनावरं उन्हात उभी राहतात.

ज्या बैलांना डांबरी किंवा मुरमाड वाटेनं जायचं त्यांच्या खुरांना लोखंडी पत्री मारून घ्या. एका बैलाला आठ पत्र्या लागतात, खुराच्या प्रत्येक फाकेला एक. हे काम निघण्याआधी पाच-सहा दिवस करावं, आदल्या दिवशी नको. खिळा जरा आत गेला तर बैल लगेच लंगडत नाही, दोन दिवसांनी खूर गरम लागतो आणि मग पाय टेकवत नाही. तो घरी लंगडला तर खिळा उपसून जागा धुता येते, वाटेत लंगडला तर गाडीच आणावी लागते.

पुढं कोण चालणार हेही आताच ठरवायचं. जोरदार बैल पुढं लावायचा मोह होतो, पण तो चाल वाढवतो आणि मागची तुटतात. शांत, जुनी, पाच-सहा वेतांची गाय पुढं घ्या. तिच्या गळ्यात घाटी, म्हणजे घंटा, पंधरा दिवस आधीपासून बांधा आणि रोज चारायला तीच पुढं काढा. बाकीच्यांच्या कानांना तो आवाज एकदा पक्का झाला की वळणावर कळप फुटला तरी घाटीच्या दिशेनं येतो. जे जनावर मुळात पळपुटं आहे त्याच्या गळ्यात लाकडी ओंडक्याचं लोढणं घालू नका, लांबच्या वाटेत ते गुडघ्यांवर आपटून सूज आणतं. त्याला कासऱ्यानं शांत जनावराशेजारी चालवा. दोन जनावरं जोडली तर मध्ये निदान दोन फूट जागा सोडा, आणि दावं गळ्यालाच बांधा, वेसणीला नको.

माणसं आणि बोली

तीस जनावरांना पाच माणसं लागतात: एक पुढं घाटीवालीबरोबर, दोघं दोन अंगांना, एक मागं आणि एक चारा-पाण्याच्या गाडीवर. लोक पोरसवद्याला मागं ठेवतात, ते चुकतं. सगळ्यांत जाणता माणूस मागं हवा, कारण कोण लंगडतंय, कुणी शेपूट सैल सोडलीय, कोण मान खाली घालून चालतंय हे फक्त मागून दिसतं. मागच्यानं हाक दिली की पुढच्यानं थांबायचं, कारण विचारत बसायचं नाही.

निघण्याआधी सगळ्या घरांनी पारावर बसून बोली करावी आणि ती वहीत लिहावी. खर्च जनावरामागं वाटायचा, घरामागं नाही. कुणाचंही जनावर बसलं तरी ते सगळ्यांचं समजायचं, मालक एकटा मागं राहणार नाही. बसलेल्या जनावराजवळ दोघं थांबतील, त्यातला एक दुसऱ्या घरचा असेल. कळप पुढच्या पाण्यावर जाऊन तिथंच वाट बघेल. सालगडी किंवा गुराखी मजुरीनं घेतला असेल, तर निम्मी मजुरी निघण्याआधी त्याच्या घरी पोचती करा. आपल्या घरी चूल पेटलीय हे माहीत असलेला माणूस रात्री निवांत पहारा देतो. ही बोली न करता निघालेले कळप साधारण चौथ्या-पाचव्या दिवशी फुटतात. ज्याचं जनावर धड आहे त्याला घाई असते आणि ज्याचं बसलंय तो उघड्यावर एकटा पडतो. दुष्काळात शेजाऱ्याला असं माळावर टाकून गेलेलं पुढं वर्षानुवर्षं गावात बोललं जातं.

पाणी आधी, वाट मागून

तीस मोठ्या जनावरांना दिवसाला ५० लिटर धरलं तरी १,५०० लिटर पाणी लागतं. गाडीवरची ५०० लिटरची टाकी म्हणजे एका वेळची तहान. म्हणून वाट पाण्यावरून ठरते. जाणत्यांना विचाराच, पण १९७२ च्या दुष्काळाच्या आठवणींवर विसंबू नका. तेव्हा धान्याची टंचाई जास्त होती आणि बऱ्याच आडांना, बारवांना पाणी होतं. आता पाणी बोअरमध्ये गेलंय. २०१६ च्या एप्रिलात लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, यावरून काय ते समजा. निघण्याआधी दोघांनी मोटारसायकलवर अख्खी वाट फिरून प्रत्येक पाणवठा डोळ्यांनी बघायचा आणि तिथल्या मालकाशी बोलायचं. शेतमालकाला मुक्कामाचं शेण सोडून द्यायचं, बदल्यात पाणी मागायचं. तीस जनावरांचं रात्रभराचं शेण-मूत शेतात पडणं त्यालाही फायद्याचं असतं. टँकरच्या पाण्याला मात्र हात लावायचा नाही. ज्या गावाच्या हौदात टँकर रिकामा होतो तिथल्या बाया घागरी घेऊन रांगेत असतात. तिथं जनावर पाजलं तर भांडण होईल, आणि ते भांडण त्यांच्या बाजूनं खरं असेल.

तहानलेलं जनावर पाण्यावर मोकळं सोडू नका. आधी १०-१५ लिटर, मग पंधरा-वीस मिनिटं थांबून पुन्हा. एकदम ढोसलं तर पोट गच्च होतं, जनावर थरथरतं, कधी बसतं. मोठ्या जनावराला रोज मूठभर, म्हणजे ५० ग्रॅम मीठ द्या. तीस जनावरांना आठवड्याला साडेदहा किलो लागेल.

आता पाण्याचे धोके. आटत आलेल्या तलावाच्या कडेला वरून सुकलेला आणि खालून मऊ गाळ असतो. अशक्त जनावर त्यात पोटापर्यंत रुततं आणि धडपडून दमून तिथंच मरतं. आधी माणसानं काठी खुपसत पाण्यापर्यंत जायचं. काठी हातभर आत गेली तर कळप तिथं न्यायचाच नाही, बादलीनं बाहेर पाजायचं. जनावर रुतलंच तर शिंग, शेपूट किंवा मान ओढू नका. पायांभोवतीचा गाळ हातानं मोकळा करा, पुढच्या पायांमागून छातीखालून रुंद पट्टा किंवा गोणपाट गुंडाळलेलं चऱ्हाट घ्या, समोर कडब्याच्या पेंढ्या किंवा फळ्या टाका आणि ते स्वतः जोर करेल तेव्हाच सगळ्यांनी मिळून ओढा. पाण्यावर हिरवी-निळी साय धरली असेल तर ते पाणी विषारी असू शकतं, ते टाळा.

जायकवाडीच्या उजव्या कालव्याला पाणी फक्त आवर्तन, म्हणजे पाणी सोडायची पाळी, चालू असताना असतं, तारखा आधी विचारून ठेवा. अस्तरीकरण केलेल्या कालव्याच्या उतारावर खूर ठरत नाही. उतरलेलं जनावर वर येत नाही आणि पाणी त्याला ओढत नेतं. म्हणून कालव्यावर बादलीनं, नाहीतर कालव्यातून निघालेल्या लहान चारीवर पाजायचं. खुद्द गोदावरीत वाळू उपशाचे खड्डे आहेत. वरून गुडघाभर दिसणाऱ्या पाण्यात पुढचं पाऊल पुरुषभर खोल जातं. पायी पार व्हायची उथळ जागा गावातल्या माणसाला विचारूनच पात्रात उतरा.

रोजची चाल

उजाडल्यावर निघायचं, दिवस कासराभर वर आला की पहिला विसावा, आणि दहाच्या आत सावली गाठायची. तिथं पाणी, कडब्याची कुट्टी आणि रवंथ. ऊन उतरल्यावर, साधारण चारला, पुन्हा निघून दिवस मावळायच्या आत मुक्काम. डांबरी रस्ता शक्यतो टाळा, उन्हात डांबर खुराला भाजतं आणि घासतं. काळ्या रानातून जायचं तर भेगा बघा, रुंद भेगेत पाय अडकून पायाची नळी मोडते. गाडीवाट किंवा नदीकाठची पांद सगळ्यांत बरी. धारूर किंवा मांजरसुंब्याचा घाट उतरायचा असेल, तर सकाळी लवकर, रहदारी वाढायच्या आत उतरा. पुढं-मागं एकेक माणूस लाल फडकं घेऊन ठेवा आणि जनावरं एका ओळीत, डोंगराच्या अंगानं घ्या.

मोठ्या जनावराला वाटेत निदान सहा किलो कोरडा चारा हवा. तिसांना दिवसाला १८० किलो, म्हणजे दोन दिवसांचा साठा ३६० किलो गाडीत कायम असू द्या. पेंढ्यांपेक्षा कुट्टी कमी वाया जाते. बांधावरची कण्हेर, रुई, घाणेरी याकडं लक्ष ठेवा. भुकेलेलं जनावर एरवी न हुंगणारं खातं. कापून नेलेल्या ज्वारीच्या रानात कोवळे फुटवे असतील तर तिथं चरायला सोडू नका. त्यानं किराळ लागते, म्हणजे विषबाधा होते: तोंडाला फेस, धाप, थरथर आणि अर्ध्या-एक तासात मरण. तशी लक्षणं दिसली की लगेच पशुवैद्यकीय मदतीच्या १९६२ या क्रमांकावर फोन करा. त्यावर पशुवैद्यकाचं इंजेक्शनच लागतं, घरगुती इलाज चालत नाही.

मुक्कामावर पोचलं की आधी मोजणी. मोकळ्यात मोजू नका, दोन माणसांत किंवा दोन बाभळींत फट ठेवून एकेक जनावर त्यातून काढा. मोजणी दिवसातून तीनदा: निघताना, दुपारी, मुक्कामावर. मग पाय. मागचा पाय उचलून दोन फाकांमधली जागा बोटानं साफ करा, सराटे, खडे, बाभळीचा काटा काढा. खुराचा तळ अंगठ्यानं दाबला की दबतोय आणि जनावर पाय ओढून घेतंय, म्हणजे तळ पातळ झालाय. लाल पोटॅशच्या फिक्या गुलाबी पाण्यानं धुवा, कोरडं करा, गोणपाटाची घडी घालून वरून जुन्या ट्यूबचा तुकडा बांधा. हा बूट रोज संध्याकाळी सोडायचा, नाहीतर आत ओल धरून खूर सडतो.

शेवटी पोट. जनावराच्या डाव्या भकाळीत, म्हणजे बरगड्यांमागच्या खळग्यात, मूठ दाबून धरा आणि दोन मिनिटं गप्प राहा. पोट दोन-तीनदा मूठ हळूच बाहेर ढकलतं, आतून दूरच्या गडगडाटासारखं काही सरकतं. तसं झालं तर जनावर ठीक आहे. काहीच हललं नाही आणि रवंथही नसेल तर त्याला उद्या चालवायचं नाही. भकाळी ढोलासारखी ताठ असेल तर पोटफुगी आहे. पुढचे पाय उंचावर येतील असं उभं करा, कडुनिंबाची जाड काडी तोंडात आडवी बांधा म्हणजे लाळ सुटते, ३०० ते ५०० मिली गोडेतेल द्या आणि पशुवैद्यकाला बोलवा. तेल पाजताना मान फार वर धरायची नाही, जीभ ओढायची नाही, घोट-घोट द्यायचं. ठसका लागला की लगेच मान सोडा, तेल फुप्फुसात गेलं तर जनावर पोटफुगीनं नाही, त्या तेलानं मरतं.

रात्री दावण दोन ओळींत लावा, वासरं मध्ये घ्या. आष्टीच्या बाजूला बिबट्यानं माणसंही मारलीत, आणि माळावर लांडगा आहेच. उसाच्या कडेला मुक्काम नको. दोघांनी आळीपाळीनं जागायचं, कुत्रं मोकळं ठेवायचं.

जनावर बसलं तर

मारून, शेपूट पिरगाळून उठवू नका. उठलंच तर पुढच्या फर्लांगावर पुन्हा बसेल, आणि मग उठणार नाही. त्याला छातीवर बसतं करा, बाजूला कडब्याच्या पेंढ्या लावून आधार द्या. आडवं पडू दिलं तर पोट फुगतं. गोणपाटाची सावली करा, ऊन लागलं असेल तर डोक्यावर आणि पायांवर पाणी ओता. गुदद्वारात थर्मामीटर लावून ताप बघा: साधारण १०१ ते १०२ फॅरनहाइट ठीक, १०५ च्या वर गेला तर उष्माघात धरा. दहा लिटर पाण्यात ५० ग्रॅम मीठ आणि पाव किलो गूळ विरघळवून थोडं थोडं द्या. जनावर स्वतः पीत असेल तरच द्या, बळजबरी नको. दर दोन-तीन तासांनी कूस बदला, नाहीतर खालच्या पायाची नस दबते.

त्याच्या जोडीचं, एका दावणीला राहिलेलं जनावर असेल तर तेही मागं ठेवा. एकटं पडलेलं जनावर मान वळवून कळपाच्या दिशेला हंबरत राहतं आणि पाण्याला तोंड लावत नाही. शेजारी ओळखीचं उभं असलं की निवतं. बैलजोडीत हे फार दिसतं. उठलं तरी त्या दिवशी चालवू नका. दुसऱ्या दिवशीही थरथरत असेल तर ट्रॉलीत वीतभर भुसकट पसरून, पाय न बांधता, माणूस सोबत देऊन पुढच्या मुक्कामावर न्या.

पोचल्यावर

गोदाकाठी हिरवं दिसलं की सोडून द्यावंसं वाटतं. सोडू नका. महिनाभर कोरडं खाल्लेलं पोट एकदम हिरव्यानं बिघडतं. पहिल्या दिवशी जनावरामागं दोन-तीन किलो हिरवं कुट्टीत मिसळून, मग आठवडाभरात वाढवत जा. नुसत्या वाढ्यांवर ठेवू नका, त्यातलं ऑक्झलेट अंगातलं कॅल्शियम बांधून ठेवतं, दुभत्या आणि गाभण जनावराला ते बाधतं. वाढ्यांवर चुन्याची निवळी शिंपडावी आणि निम्मा तरी दुसरा चारा असावा. तिथल्या जनावरांपासून तीन आठवडे वेगळी दावण आणि वेगळा पाणवठा ठेवा. लम्पी किंवा खुरकूत आपण नेऊ नये आणि त्यांच्याकडून घेऊही नये. जवळच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात बिल्ल्यांची यादी दाखवून नोंद करून या.

मृगाचा पाऊस पडला की माणसांना घराची ओढ लागते. पण पहिल्या पावसानंतर बालाघाटावर फक्त कोवळं पोपटी दिसतं, त्यात चारा नसतो, आणि ज्वारीचे फुटवे त्याच वेळी जोरात असतात. घरच्या माणसाला फोन करून विहिरीत किती हात पाणी आलं आणि बांधावरचं गवत वीतभर झालं का ते विचारा. दोन्हीची उत्तरं मनासारखी आली की पत्र्या झिजल्यात का ते बघून, हवी तिथं नवी मारून, घाटीवाली पुन्हा पुढं काढा.